अठरा बायांचं शेत

आमच्याकडे शेत एकराने सांगत नाहीत. सातबाऱ्यावर काय गुंठे-आर असतील ते तलाठ्याला माहीत. आम्ही शेत बायांनी सांगतो. देवकीचं शेत छत्तीस बायांचं, म्हणजे छत्तीस बाया बसवल्या तर एका दिवसात भाताची लावणी होईल. माझं अठरा बायांचं. नऊ जणी उतरल्या तर दोन दिवस, सहा जणी उतरल्या तर तीन. मी लग्न होऊन डोळखांबच्या बाजूच्या या पाड्यात आले तेव्हा सासूने शेत दाखवताना हेच सांगितलं होतं, आणि मी मनातल्या मनात लगेच भाग देऊन बघितला होता. ती सवय मला माहेराहून लागली होती.

माझं माहेर मुरबाडकडचं, सिद्धगडाच्या पायथ्याचं. सातवीपर्यंतची शाळा होती आणि सातवीत आम्ही दोनच मुली. गुरुजी काळ-काम-वेगाची गणितं फार आवडीने शिकवायचे. आठ मजूर एक बांध सहा दिवसांत घालतात, तर बारा मजूर किती दिवसांत घालतील? मी एकदा विचारलं, गुरुजी, त्यातला एखादा मजूर तापाने पडला तर? सगळा वर्ग हसला. गुरुजी म्हणाले, "सकू, गणितातले मजूर तापाने पडत नाहीत." ते वाक्य माझ्या डोक्यात साठ वर्षं राहिलं आहे. तेव्हा मला ते फार छान वाटलं होतं. ज्या जगात कोणी आजारी पडत नाही, कोणी कामाला दांडी मारत नाही, सगळे सारखे हात चालवतात, त्या जगात उत्तर बरोबर येतंच.

लग्नानंतर पहिल्याच लावणीला माझं हे गणित उपयोगी पडलं. आमच्याकडे सावड असते. नऊ घरांतली एकेक बाई, अशा नऊ जणी मिळून एकापाठोपाठ एक सगळ्या नऊ घरांची शेतं लावायची. कोणी कोणाला मजुरी द्यायची नाही. ज्या घरचं शेत त्या घराने दुपारचं जेवण घालायचं, एवढंच. शेतं लहानमोठी असतात. देवकीच्या शेतात चार दिवस जातात आणि माझ्या शेतात दोनच, पण त्यावरून कोणी तोंड वाकडं करत नाही. अडचण एकच होती. कोणाचं शेत कोणत्या दिवशी, हे आधी ठरवावं लागतं, कारण त्या हिशोबाने राबात, म्हणजे रोपं तयार करायच्या वाफ्यात, बी टाकायचं असतं. रोप एकवीस-बावीस दिवसांचं झालं की लावायला हवं. जास्त दिवस राबात राहिलं की त्याला कांडी धरते आणि मग ते लावून न लावल्यासारखंच. सासूच्या काळात हा घोळ दरवर्षी व्हायचा आणि दरवर्षी कोणाचं तरी रोप वाया जायचं.

मी नऊ घरांची शेतं बायांनी मोजली, बेरीज केली, नवाने भागली. बावीस दिवस. कोणी कधी बी टाकायचं ते पाटीवर लिहून दिलं. त्या वर्षी एकाही घरचं रोप वाया गेलं नाही. सासू सगळ्यांना सांगत सुटली की माझी सून शिकलेली आहे. तेव्हापासून सावडीचा क्रम मीच लावते. त्यासोबत दोन नियम सासूने घालून दिले. एक, क्रम लावणारीचं शेत सगळ्यांत शेवटी. म्हणजे तिने आपल्या सोयीने क्रम लावला असं कोणी म्हणू नये. दुसरा, एक बाई म्हणजे एक. तरणी असो, म्हातारी असो, मागल्या आठवड्यात बाळंत झालेली असो, सावडीत ती एक.

दुसऱ्या नियमाची खरी परीक्षा देवकीच्या वेळी झाली. देवकी माझ्याहून तीन वर्षांनी लहान, माझ्या शेजारच्याच घरात आलेली. जगदीश पोटात होता, आठवा महिना सरत आला होता. तिला वाकताच येईना. तीन-चार जणी कुरकुरल्या की हिला यंदा सावडीत धरू नका, हिच्या घरचं कोणी दुसरं पाठवा. दुसरं कोणी नव्हतं. मी म्हणाले, एक बाई म्हणजे एक, ती पात धरेल. शेतात प्रत्येकीच्या पुढ्यात जो पट्टा येतो त्याला आम्ही पात म्हणतो. देवकी माझ्या शेजारची पात धरायची, गुडघ्यावर बसून दोन-चार काड्या लावायची आणि मी माझी पात लावून तिची लावायची. बावीस दिवस मी दोन पाती लावल्या. कंबर अशी धरली की दिवाळीपर्यंत सरळ झोपता येईना. देवकी तेव्हा म्हणाली होती, वयनी, तुझ्यासाठी मी काय पण करीन. अशा वेळी माणूस असं बोलतंच. मी ते लक्षात ठेवायला नको होतं, पण माझ्या लक्षात सगळंच राहतं.

मागल्या वर्षीपर्यंत सगळं नीट चाललं होतं, म्हणजे मला तसं वाटत होतं. नऊ घरं तीच होती, बाया मात्र बदलल्या होत्या. आता सासवांच्या जागी सुना येतात. जुन्यांपैकी मी आणि देवकी दोघीच उरलो होतो. देवकी तिच्या बहिणीच्या घरातर्फे यायची, कारण तिच्या घरातर्फे तिची सून रोशनी, जगदीशची बायको, येऊ लागली होती. माझ्या घरातर्फे सून येण्यातली नाही. माझा ओमकार कल्याणला असतो, तिकडेच नोकरी, तिकडेच घर. नवरा गेल्यापासून तो माझ्या मागे लागला होता की शेत सोड आणि माझ्याकडे ये. शेवटी आमचा करार झाला. तो म्हणाला, "आई, ज्या वर्षी तुझं शेत लावून होणार नाय, त्या वर्षी तू कल्याणला यायचंस. मग मी ऐकणार नाय." मी कबूल झाले. मला खात्री होती. सावड होती ना.

देवकीची नात भूमिका आठवीत आहे. गणितात कच्ची नाही, पण घाई फार. तिला 'चलन' नावाचा धडा होता, त्यात समचलन आणि व्यस्त चलन. मी पुस्तक उघडून पाहिलं तर आमचंच काळ-काम-वेग, नाव फक्त बदललेलं. ती शाळेतून आली की माझ्या ओट्यावर बसायची आणि मी तिला समजावायची. मजूर वाढले की दिवस कमी होतात, मजूर कमी झाले की दिवस वाढतात, पण दोघांचा गुणाकार तेवढाच राहतो. हे एकदा तिच्या डोक्यात बसल्यावर ती पटापटा उत्तरं काढू लागली. त्या आठवड्यांत मला किती बरं वाटायचं ते सांगता येत नाही. माझ्या घरात कोणी माझ्याकडे पाटी घेऊन बसलं नव्हतं. ओमकारला गणिताची शिकवणी लावली होती आसनगावला.

यंदा आषाढात देवकीचं शेत आठवं होतं आणि माझं नववं. शनिवार, रविवार, सोमवार, मंगळवार देवकीचं, मग बुधवार आणि गुरुवार माझं. रविवारी आम्ही तिच्या शेतातून परतलो. मी पाय धुऊन ओट्यावर टेकले होते तेवढ्यात भूमिका वही घेऊन आली. पुस्तक आणलं नव्हतं. वहीच्या शेवटच्या पानावर पेन्सिलीने गणित लिहिलेलं होतं.

"आजी, हे बघ ना. बारा बाया एक शेत पाच दिवसांत लावतात. तेच शेत तीन दिवसांत लावायचं तर किती बाया लागतील?"

पुस्तकात नेहमी मजूर असतात. बाया पहिल्यांदाच बघितल्या. मला वाटलं, बाईंनी मुद्दाम गावातलं गणित घातलं, चांगल्या बाई आहेत. मी नेहमीसारखं विचारलं, "दिवस कमी झाले. मग बाया वाढतील का कमी होतील?"

"वाढतील."

"का?"

"काम तेवढाच हाय ना."

"मग ते काम किती बायांचं?"

तिने बारा पंचे साठ केलं. साठ बायांचं शेत. तिनाने भाग दिला, वीस आले. मी शाबास म्हणाले. ती बोटांवर काहीतरी मोजत होती. म्हणाली, "म्हणजे आठ जास्त." ते मी विचारलंच नव्हतं. ते आठ तिचे तिने काढले. मला आणखी कौतुक वाटलं.

वही मिटून ती उठली नाही. पेन्सिल तोंडात धरून बसली. मग म्हणाली, "आजी, एखादी बाय म्हातारी असेल तर ती अर्धी धरायची का?"

मी हसले. गुरुजींची आठवण झाली. म्हणाले, "पुस्तकात कुठे असतात गो म्हाताऱ्या? गणितात सगळ्या सारख्या. आणि सावडीतपण. एक बाई म्हणजे एक."

ती माझ्याकडे बघत राहिली. मी तिला चहा ठेवते म्हणाले तर नको म्हणाली. रोज दोन बिस्किटं बुडवून खाणारी पोर चहा न घेता गेली, हे मी पाहिलं आणि सोडून दिलं.

सोमवारी मी वाल भिजत घातले. माझ्याकडे सावडीला वालाचं बिरडं आणि तांदळाची भाकरी हे ठरलेलं. सासूच्या वेळेपासून तेच. मंगळवारी मोड आलेले वाल सोलायचे होते, नऊ जणींचे दोन दिवसांचे. मंगळवारी देवकीचं शेत दुपारी चारला संपलं. ओहोळात पाय धुताना मी म्हणाले, उद्या माझ्याकडे, सातला या सगळ्या. रोशनीने मान हलवली. देवकी खाली वाकून पाय चोळत होती. चिखल केव्हाच निघाला होता, तरी ती चोळत होती. मी तिला म्हणाले, कातडी काढतेस का आता? ती हं म्हणाली, वर बघितलं नाही.

त्याच दिवशी वरच्या वाडीतल्या भगीरथने त्याच्या बैलांनी माझ्या सगळ्या खाचरांची चिखलणी करून दिली होती. मी घरी येऊन संध्याकाळपर्यंत रोप काढलं, मुठी बांधल्या. एका दिवसाला पुरेल एवढं काढलेलं रोप बांधावर रचून ठेवलं आणि मग वाल सोलायला बसले. दोन्ही अंगठ्यांची नखं पांढरी झाली.

बुधवारी सातला मी शेतात होते. साडेसातला मला वाटलं, पाऊस लागलाय म्हणून उशीर. आठ वाजले. शेतातून पाड्याची वाट दिसते. वाटेवर कोणी नव्हतं. मी परत फिरले. पहिल्या घराला कडी, दुसऱ्या घराला कडी. देवकीच्या ओट्यावर तिचा नवरा कोंडू भावोजी बसले होते. त्यांना आता चालवत नाही, बसूनच असतात, आणि कुठलीच गोष्ट पोटात ठेवत नाहीत.

"जीप आली व्हती पाचला," ते म्हणाले. "आसनगावच्या बाजूला गेल्यात सगळ्या. ठाण्याच्या कोणा मानसाचा फार्महाऊस हाय, त्याची लावणी. तुला सांगितला नाय?"

मी विचारलं, किती जणी गेल्या.

"आपल्या आठ. खालच्या पाड्याच्या बारा आदीच ठरल्या व्हत्या, पन त्यांच्यानी पाच दीस लागले असते. मालकाला शनिवारी पावनं आनायचंत, तीन दिसांत पायजे त्याला. मग वीस भरायला लागल्या."

मी तिथे खांबाला धरून उभी राहिले. बारा, पाच, तीन, वीस. भागाकार कोणी केला होता ते कोंडू भावोजींना माहीत नव्हतं. ते मला बस म्हणत होते, पाणी घे म्हणत होते. मी बसले नाही. आठ जास्त. भूमिकेने बोटांवर मोजले होते. नऊ वजा मी.

त्या दिवशी गणिताला पहिल्यांदा मी शिवी दिली. मग शेतात गेले, कारण रोप काढलेलं होतं.

आसपासच्या पाड्यांत त्या आठवड्यात एकही हात रिकामा नव्हता, सगळीकडेच लावणी होती. ओमकारला फोन केला असता तर तो म्हणाला असता, झालं ना मग, आता ये. म्हणून केला नाही. खालच्या खाचरात उतरले आणि एकटीने पात धरली. एकटीला अठरा बायांचं शेत, म्हणजे अठरा दिवस. तेवढे दिवस रोप थांबणार नव्हतं हे माहीत होतं, पण मला वाटत होतं की चार-पाच दिवस रेटलं तर निदान एक-दोन खाचरं होतील. अंधार पडायच्या आधी मी बांधावर चढले आणि मागे बघितलं. कोणत्या खाचरात किती बाया बसतात ते मला पन्नास वर्षं पाठ आहे. मी लावलेलं नजरेने मोजलं. पुन्हा मोजलं. एका बाईचं काम झालं नव्हतं. अर्ध्या बाईचं झालं होतं.

त्या मोजणीने मला जेवढं लागलं तेवढं जीपने लागलं नव्हतं. म्हणजे त्या पोरीने विचारलं होतं ते कोणीतरी घरात बसून आधी मोजलेलं होतं, आणि बरोबर मोजलेलं होतं. इतकी वर्षं मी सावडीत उतरत होते आणि समजत होते की मी एक आहे. मी मागे पडायची तेव्हा शेजारची कोणीतरी माझ्या पातीतलं लावत असणार. मी पुढे बघून लावत असायची, मला दिसत नसणार. मी देवकीचं केलं तसंच. फक्त मी ते कोणाला घरी जाऊन सांगितलं नव्हतं.

गुरुवारी पाऊस थांबला. शुक्रवारी ऊन पडलं. तिन्ही दिवस मी तेवढंच लावलं, रोज अर्ध्या बाईचं. काढून ठेवलेलं उरलं रोप बांधावर पिवळं पडलं. वालाला बुधवारीच आंबूस वास सुटला. ते मी पाड्यातल्या ठमीच्या गुरांना घातले.

शुक्रवारी दिवस मावळायच्या सुमाराला देवकी आली. ओट्याच्या पायरीवर बसली, वर आली नाही. म्हणाली, मालकाच्या शेजाऱ्याचापण दोन दिवसांचा तुकडा आहे, तो केला की सोमवारी सगळ्या येतो, दोन दिवसांत तुझं लावून टाकू.

"वरच्या अंगाचं शेत आहे," मी म्हणाले. "पाणी धरत नाही. सोमवारपर्यंत चिखल राहील का?"

"राहील गो. पाऊस येल."

मी मग विचारलं, "मला सांगितलं का नाहीस? मी क्रम बदलून दिला असता. तुझ्या आधी माझं घेतलं असतं."

"सांगितला असता तर तू हो म्हणाली असतीस."

"मग?"

"मग आमाला लाज वाटली असती. आन रोशनी म्हणाली, काकीला सांगितला तर काकी म्हणतील मीपण येते. त्या मालकाच्या मानसाने म्हातारी घेतली नसती. तुला जीपमधनं उतरवली असती सगळ्यांम्होरं. त्यापरास हे बरा."

"तू पण म्हातारीच आहेस."

"मी भाकऱ्या भाजायला गेले," देवकी म्हणाली. "वीस बायांच्या. मला मोजली चुलीवर."

बाहेर भूमिका दोरीवरचे कपडे काढत होती, ती थांबून ऐकत होती. देवकीने तिला आत जा म्हणून हात केला.

मी म्हणाले, "देवकी, अर्धी कोण म्हणालं मला?"

ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. "सगळ्याच म्हणतात. आठ जणी नऊ जणींचा काम करतात, असा म्हणतात. दोन वर्षं झाली. तुझ्या पातीत दोन्ही बाजूंनी हात घालायला लागतात. तुला कळू नये म्हणून तू वाकलीस का घालायच्या."

"आणि तू काय म्हणालीस?"

"मी काय म्हणणार वयनी? सुनेच्या घरात राहते मी."

"तू एवढंच म्हणायचं होतंस, एक बाई म्हणजे एक. जगदीश पोटात होता तेव्हा मी म्हणाले होते."

तिने मान वर केली. मला वाटलं आता रडेल. रडली नाही. म्हणाली, "तेव्हा तुला सासू होती पाठीशी. माझ्या पाठीशी कोण हाय?" आणि उठून गेली.

तिचं तेही खरं होतं. पण खरं असलं म्हणून काय झालं. मी त्या दिवशी तिला पाणीसुद्धा विचारलं नव्हतं हे ती गेल्यावर लक्षात आलं, आणि त्याचं मला वाईट वाटलं नाही.

सोमवारी त्या खरंच आल्या. आठही जणी सातला बांधावर. रोशनी पुढे होती, माझ्याकडे न बघता खाचरात उतरली. पाय टाकला तर पाऊल रुतलं नाही. खाली वाकून तिने रोपाची काडी खुपसली, बोट शिरेना. माझं शनिवारपासूनच शिरत नव्हतं. दुसरीने दुसऱ्या खाचरात बघितलं. चिखल दगडासारखा बसला होता, मध्ये मध्ये चिरा पडायला लागल्या होत्या. भगीरथचे बैल दुसरीकडे लागलेले होते आणि पाण्याशिवाय ते तरी काय करणार. आठ जणी तशाच उभ्या राहिल्या. कोणीतरी म्हणालं, पाऊस आला की बघू. पाऊस आला तेव्हा राबातल्या रोपाला कांडी धरली होती.

रात्री ओमकारचा फोन आला. शेत झालं का, असं त्याने विचारलं. मी सांगितलं, दीड बाईचं झालं. त्याला कळलं नाही. मग सांगितलं, झालं नाही. तो भांडायची तयारी करून बसला होता, भांडण मिळालं नाही. म्हणाला, दिवाळीला न्यायला येतो.

दसऱ्याच्या आधी चार दिवस भूमिका आली. हातात वही आणि पेन्सिल. आषाढापासून ती माझ्या ओट्यावर आली नव्हती. उभ्यानेच म्हणाली, "आईने सांगितलाय, कापणीचा क्रम काढून दे." कापणीलासुद्धा सावड असते आणि तिचा क्रमही मीच लावत आले.

मी तिला बस म्हणाले. विचारलं, "ते बायांचं गणित शाळेतलं नव्हतं हे तुला माहीत होतं?"

तिने खाली बघून मान हलवली. "आई म्हणाली, आजीकडनं काढून आण, चुकायला नको, वीस म्हणून एकोणीस नेल्या तर मालक बोलेल. आन म्हणाली, कशाला ते सांगू नको." मग म्हणाली, "मी विचारला ना पन तुला. अर्धी धरायची का म्हणून. मला वाटला तू विचारशील, कोण म्हातारी."

मी विचारायला हवं होतं. गुरुजींच्या वाक्याचं मला इतकं कौतुक होतं की समोर बसलेली पोर काय सांगतेय ते ऐकलं नाही.

मी वही घेतली. आठ शेतं लिहिली, माझं लिहिलं नाही, त्यात कापायला सावड लागणार नव्हती. कोणाचं शेत किती बायांचं ते समोर मांडलं. देवकीचं सगळ्यांत शेवटी घातलं, कारण शेवटी माझं असायचं आणि कोणाचं तरी शेवटी असावंच लागतं. बेरीज केली. मग खाली लिहिलं, बाया साडेआठ.

भूमिकेने वाचलं. पेन्सिलीने भाग द्यायला लागली. कपाळाला आठ्या घालून म्हणाली, "आजी, साडेआठने भाग जात नाय नीट."

"नाही जाणार."

"मग दिवस कसे लिहू?"

"अर्धे-पाव लिही. आई समजेल."

वही घेऊन ती गेली. रोशनीने ती वाचली असणार, देवकीला वाचून दाखवली असणार. कोणी काही बोलायला आलं नाही. वही बदलून द्या म्हणूनही आलं नाही.

कापणीला मी आठही शेतांत गेले. सकाळी सगळ्यांच्या आधी जायची, पात धरायची, बारा वाजता भाकरीचं फडकं सुटायच्या आत विळा उचलायची आणि घरी यायची. माझी पात अर्धी उभी राहायची. पहिल्या दिवशी दोघी-तिघी म्हणाल्या, काकी, जेवून जा. मी म्हणाले, माझा दिवस भरला. दुसऱ्या शेतात कोणी म्हणालं नाही. दुपारच्या उन्हात माझं अर्धं भात उभं राहिलेलं लांबूनही दिसायचं. संध्याकाळी कोणी ते कापत असेल. आता लपूनछपून हात घालायला लागत नव्हते.

मधल्या चार-पाच दुपारी माझं दीड बाईचं भात मी एकटीने कापलं. झोडून, वाळवून दोन टोपल्या झाल्या. बाकीच्या खाचरांत गवत गुडघ्याएवढं होतं, ते ठमीच्या गुरांना चरायला दिलं.

देवकीचं शेत शेवटचं. चार दिवस तिथेही तसंच केलं. शेवटच्या दिवशी ओमकार गाडी घेऊन आलेला होता, दिवाळी दोन दिवसांवर. बारा वाजले तेव्हा देवकी माझ्या शेजारची पात कापत होती. बहिणीच्या घरातर्फे तीच आली होती. मी विळा खांद्यावर टाकला.

"वयनी," ती म्हणाली. "आज तरी बस. उद्या तू नायस."

"अर्धा झाला माझा," मी म्हणाले.

ती कंबरेवर हात ठेवून उभी राहिली. दम लागलेला होता. तीसुद्धा आता पूर्ण नव्हती, हे मला त्या चार दिवसांत दिसलं होतं. तिची पात रोशनीच्या पातीपेक्षा बरीच मागे असायची. पुढल्या वर्षी कोणीतरी तिलाही मोजेल. मी ते तिला सांगितलं नाही. तिलाही माहीत असेल.

मी बांधावर चढले. मागे विळ्याचा आवाज सुरू झाला होता. तो तिच्या पातीतून येत होता की माझ्या, ते बघायला मी वळले नाही. घरी ओमकारने दोन टोपल्यांचं भात पोत्यात भरून गाडीत टाकलं होतं. म्हणाला, एवढंच ना? मी हो म्हणाले.